करार रद्द की काळी यादी? नोटीस आल्यावर आधी कुठे लढायचं

माल पुरवणाऱ्याला सरकारी खात्याकडून येणाऱ्या नोटिशीत बहुधा एकाच परिच्छेदात सगळं कोंबलेलं असतं: पुरवठा आदेश रद्द का करू नये, सुरक्षा अनामत जप्त का करू नये, ‘व नियमानुसार पुढील योग्य ती कारवाई का करण्यात येऊ नये.’ वकिलाकडे जाण्याआधी हे शेवटचं शेपूट अधोरेखित करा. त्यात ‘काळी यादी’ (म्हणजे पुढच्या सरकारी निविदांवर बंदी) हे शब्द आहेत की नाहीत, यावर पुढचं बरंच काही ठरतं.

करार रद्द होतो तो कराराच्या कलमावर. मुदत चुकली, माल मंजूर नमुन्याप्रमाणे नव्हता, एवढं खात्याने दाखवायचं. नुकसान पैशाचं असतं: अनामत, विलंबाचा दंड, शिवाय उरलेला माल दुसऱ्याकडून घेऊन फरक तुमच्याकडून वसूल. बांधकाम खात्याच्या बी-1 या निविदा नमुन्यातलं कलम 3 उरलेल्या कामाबाबत हेच सांगतं. या वसुलीतच खातं सर्वांत जास्त घसरतं. फेरखरेदी उशिरा केली, किंवा मधल्या काळात मालाचं स्पेसिफिकेशन बदललं, तर तो फरक तुमच्या माथी मारणं अवघड जातं. म्हणून फेरखरेदीच्या निविदेची प्रत आणि तिचा दर मिळवून ठेवा. डिलिव्हरी चलनावर स्टोअरकीपरची तारखेसह सही आहे का, तपासणी अहवाल कुणी आणि कधी दिला, हेही आजच पाहा. सहा महिन्यांनी ती फाईल ‘सापडत नाही’.

काळ्या यादीचं तसं नाही. तिथे एक करार जात नाही, पुढच्या निविदांची दारं बंद होतात. म्हणून सर्वोच्च न्यायालयाने 1974 मध्ये इरुशियन इक्विपमेंटच्या प्रकरणातच सांगून ठेवलं की आधी म्हणणं मांडायची संधी द्यायलाच हवी. 2014 च्या गोरखा सिक्युरिटी निकालाने त्यात भर घातली: हीच शिक्षा देण्याचा विचार आहे, हे नोटिशीतून कळलं पाहिजे, थेट शब्दांत किंवा मजकुरावरून. यूएमसी टेक्नॉलॉजीज विरुद्ध भारतीय अन्न महामंडळ (2020) या प्रकरणात नोटिशीत तसं काहीच नव्हतं. पाच वर्षांची बंदी रद्द झाली.

मात्र ‘मला समोर बोलावलं नाही’ एवढ्यावर विसंबू नका. लेखी खुलाशाची संधी अनेकदा पुरेशी धरली जाते. सगळे मुद्दे त्या खुलाशातच घाला, जोडपत्रांना क्रमांक द्या आणि पोच घ्या.

शिक्षेचं मापही तपासा. कुलजा इंडस्ट्रीजच्या निकालात (2013) बीएसएनएलने घातलेली कायमची बंदी टिकली नाही. केंद्राच्या 2017 च्या सर्वसाधारण वित्तीय नियमांतला नियम 151 ठरावीक गुन्ह्यांत दोषी ठरल्यास जास्तीत जास्त तीन वर्षं आणि सचोटीसंहितेच्या (निविदेतल्या प्रामाणिकपणाच्या नियमांच्या) भंगाला जास्तीत जास्त दोन वर्षं बंदी देतो. 2024 मध्ये कोलकाता महापालिकेच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालय म्हणालं, प्रामाणिक वाद असलेल्या साध्या करारभंगाला हे हत्यार वापरायचं नाही. उलट भुवनेश्वरला उड्डाणपूल कोसळून माणूस दगावला, तिथे ठेकेदाराची कायमची बंदी कमी करूनही पाच वर्षं ठेवली. तुमचं प्रकरण यांतल्या कोणत्या टोकाला आहे, हे स्वतःशी खरं बोला.

आता पैसा आणि वेळ कुठे घालायचा? उरलेला माल थोडा असेल आणि धंदा दहा खात्यांत पसरलेला असेल, तर करार लवादाकडे जाऊ द्या आणि काळ्या यादीच्या आदेशाविरुद्ध लगेच उच्च न्यायालयात रिट याचिका करा. रिटला ठरलेली मुदत नसली तरी उशीर नडतो. वेटइंडिया फार्मास्युटिकल्स या औषध कंपनीची याचिका दहा वर्षांनी तग धरू शकली ती बंदीला मुदतच नव्हती म्हणून. त्या आशेवर बसू नका.

सगळा जीव एकाच मोठ्या करारात अडकला असेल तर क्रम उलटा. बँक गॅरंटी वटवायला खात्याला काही दिवस पुरतात, आणि फसवणूक किंवा भरून न येणारं नुकसान दाखवल्याशिवाय कोर्ट सहसा थांबवत नाही. लवाद कायद्याच्या कलम 9 चा (अंतरिम संरक्षणाचा) अर्ज त्याआधी हवा. अंतरिम आदेश मिळाला तर 90 दिवसांत लवाद सुरू करावा लागतो. हा आकडा विसरल्याने हातचं जातं. रद्द झालेला करार परत मिळेल असं मात्र धरू नका. मिळालीच तर भरपाई मिळते. माल चांगला की वाईट असा वाद असेल तर रिट कोर्टही बहुधा लवादाकडेच बोट दाखवतं.

काहीही निवडलं तरी पुढच्या निविदेचं प्रतिज्ञापत्र जपून भरा. ‘सध्या काळ्या यादीत नाही’ आणि ‘कधीही नव्हतो’ ही दोन वेगळी वाक्यं आहेत. दुसरं असेल तर मुदत संपलेली बंदीही लिहावी लागते. स्थगिती मिळाली असेल तर आदेशाची तारीख लिहून प्रत जोडा.