स्टर्ट्स डेझर्ट पी की विष्णुक्रांता : पुण्यात काय लावावे?

कमी पाण्यात तगणारे आणि जमिनीलगत पसरणारे फूलझाड लावायचे असेल, तर ऑस्ट्रेलियाच्या कोरड्या अंतर्भागातील स्टर्ट्स डेझर्ट पी आणि आपल्या टेकड्यांवरील विष्णुक्रांता या दोहोंचा विचार करता येतो. दोन्ही झाडे उघड्या, रुक्ष जमिनीतली आहेत आणि दोहोंच्या पानांवर रुपेरी लव असते. मात्र पुण्याच्या पावसाळ्यात त्यांची गत अगदी वेगळी होते, आणि निवड करताना सर्वांत आधी हेच पाहावे, असे माझे मत आहे.

देखणेपणात डेझर्ट पीला तोड नाही. सुमारे नऊ सेंटिमीटर लांबीचे गर्द लाल फूल, त्याची एक पाकळी वर ताठ उभी, दुसरी टोकदार होऊन खाली उतरलेली, आणि दोहोंच्या सांध्यावर चकचकीत काळा फुगवटा. अशी पाच-सहा फुले एकाच दांड्यावर येतात. इंग्रज दर्यावर्दी विल्यम डँपियरने १६९९ मध्ये ऑस्ट्रेलियाच्या वायव्य किनाऱ्याजवळील बेटावर या झाडाचा नमुना गोळा केला. १८४४ मध्ये अंतर्भागाच्या शोधमोहिमेवर निघालेल्या चार्ल्स स्टर्टने त्याची नोंद केली आणि त्याचेच नाव झाडाला मिळाले. दक्षिण ऑस्ट्रेलियाने १९६१ मध्ये त्याला राज्याचे मानचिन्ह केले.

हे वैभव पुण्यात आणणे सोपे नाही. या झाडाच्या मूळ प्रदेशात बहुतेक ठिकाणी वर्षाला अडीचशे मिलिमीटरहून कमी पाऊस पडतो. पुण्यात सातशेच्या आसपास पडतो, तोही बहुतांशी जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत, आणि झड लागली की कुंडीतील माती दिवसच्या दिवस वाळत नाही. अशा ओलीत मूळ आणि बुंधा कुजून झाड जाते. त्यामुळे ते एका हंगामाचे समजूनच लावावे. पेरणी पाऊस सरल्यावर, ऑक्टोबरात करावी. बियांचे कवच फार टणक असल्याने ते पॉलिश पेपरवर हलके घासून बी रात्रभर कोमट पाण्यात भिजवावे; सकाळी फुगलेले बी पेरावे आणि न फुगलेले पुन्हा घासावे. सोटमूळ खोल जाते आणि त्याला धक्का सहन होत नाही, म्हणून रोप तयार करून हलवण्यापेक्षा दीड-दोन फूट खोल कुंडीत, भरपूर वाळू मिसळलेल्या मातीत थेट पेरणे बरे. परदेशातून बी मागवायचे झाल्यास आयात परवाना आणि वनस्पती-आरोग्य प्रमाणपत्र लागते, हे पैसे भरण्यापूर्वी लक्षात घ्यावे.

विष्णुक्रांतेचे फूल एक सेंटिमीटरहूनही लहान, निळे असते. ते सकाळच्या उन्हात उमलते आणि दुपारपर्यंत मिटते. लांबून पाहणाऱ्याला ते दिसणारही नाही, आणि गच्चीवर लक्ष वेधून घेणारा रंग हवा असेल तर तिने समाधान होणार नाही. परंतु वेताळ टेकडीसारख्या ठिकाणच्या मुरमाड, उघड्या उतारावर जी वनस्पती आपल्या आपण वाढते, तिला पुण्याचा पाऊस आणि पुण्याचा मे महिना दोन्ही ठाऊक असतात. जमिनीवरचा भाग वाळला तरी काष्ठमय मूळ तग धरते आणि पावसाबरोबर पुन्हा फुटवे येतात. सावली आणि पाणी धरून ठेवणारी काळी माती मात्र तिला मानवत नाही.

रोपवाटिकेत विष्णुक्रांता मागितली असता पुष्कळदा तिची ब्राझीलची बहीण हाती पडते. तिची फुले दोन सेंटिमीटरच्या आसपास असतात आणि झुडूप अधिक भरगच्च असते. ते झाड वाईट नाही, पण ते आपल्या टेकडीवरचे नव्हे. विष्णुक्रांतेला शंखपुष्पीही म्हणतात, पण ते नाव एकाहून अधिक वनस्पतींना लावले जाते, म्हणून औषधाच्या हेतूने कुंडीतील पाला परस्पर घेऊ नये.

ज्यांच्याकडे पावसापासून झाकता येईल अशी, दिवसभर उन्हाची गच्ची आहे आणि दरवर्षी नव्याने पेरण्याची तयारी आहे, त्यांनी डेझर्ट पी अवश्य करून पाहावे. अंगण, बंगल्याची कडा किंवा सोसायटीतील मुरमाचा मोकळा पट्टा यांसाठी मी निःसंशय विष्णुक्रांताच सुचवेन. तिची झाडे टेकडीवरून उपटून आणू नयेत. ओळखीच्या बागेतून पिकलेली बोंडे मिळवावीत. एकेका बोंडात चारपर्यंत बिया असतात. जूनच्या पहिल्या पावसानंतर त्या मुरूम मिसळलेल्या मातीवर विखरून वरून मातीचा अगदी पातळ थर द्यावा, आणि शेणखत घालू नये.