रोममधला मार्केट टूर आणि कुकिंग क्लास, पैसे भरण्याआधी आमचं काय झालं ते वाचा

आम्ही एप्रिलमध्ये इटलीला जाऊन आलो, मी, नवरा, आठ वर्षांची मुलगी आणि माझी आई. ट्रिप तशी छान झाली पण रोममध्ये एका मार्केट टूर आणि कुकिंग क्लासवाल्यांनी आम्हाला असं काही फसवलं की अजून आठवलं तरी चिडचिड होते. पैसे गेले त्याचं वाईट वाटतंच, पण आईच्या बाबतीत जे झालं ते माझ्या मनातून जात नाहीये. आपल्याकडचे कितीतरी लोक आता आईवडिलांना घेऊन युरोपला जातात, त्यांच्यावर ही वेळ येऊ नये म्हणून सगळं सविस्तर लिहितेय. कंपनीचं नाव लिहीत नाही कारण बँकेत तक्रार चालू आहे, आणि तसंही हे लोक नाव बदलतात, पद्धत बदलत नाहीत, त्यामुळे पद्धतच लक्षात ठेवा.

आधी एक सांगते. माझी आई माळकरी आहे. तीस वर्षं झाली गळ्यात तुळशीची माळ आहे, मांसमच्छी तर सोडाच, अंडं घातलेला केकसुद्धा ती खात नाही. त्यामुळे इटलीत तिच्या खाण्याचं काय हा प्रश्न मला पहिल्या दिवसापासून होता आणि म्हणूनच मला वाटलं की आपण स्वतः बाजारात जाऊन भाजी घेतली, स्वतः शिजवली तर आई पोटभर जेवेल. इन्स्टावर जाहिरात दिसली, पांढऱ्या केसांच्या एका आजीचे पीठ लागलेले हात, मागे खिडकीत बेसिलची कुंडी. रोममधल्या काम्पो दे फियोरी या चौकातल्या बाजारात शेफबरोबर खरेदी, मग आजीच्या घरी स्वयंपाक, ग्रुपमध्ये जास्तीत जास्त 8 जण. मोठ्यांना 85 युरो, मुलीला 60. एकूण 315 युरो, म्हणजे कार्डावर एकतीस हजारांच्या वर गेले. मी बुकिंगमध्ये स्पष्ट लिहिलं होतं की एका व्यक्तीला अंडं चालत नाही आणि प्राण्याच्या पोटातून काढलेलं रेनेट घातलेलं चीज चालत नाही, आणि त्यांचं उत्तर आलं होतं, हो हो, शाकाहारी आहे, काहीच प्रॉब्लेम नाही. तो मेल माझ्याकडे अजून आहे.

बुकिंग शनिवारचं होतं. आम्ही फ्लॉरेन्सला असताना गुरुवारी रात्री मेसेज आला की शनिवारचा ग्रुप भरला, तुम्हाला रविवारी सकाळी 10 वाजता घेतो, प्रोग्राम तोच. दिवसभर चालून सगळे दमलेले, मी ओके लिहून टाकलं. तिथेच थांबून एकदा बघायला हवं होतं.

रविवारी आम्ही दहा मिनिटं आधीच पोचलो. चौकाच्या मध्ये जोर्दानो ब्रूनो या तत्त्वज्ञाचा काळा पुतळा आहे, भेटायची जागा तीच दिली होती. 1600 साली याच चौकात त्याला जिवंत जाळलं ती गोष्ट मी मुलीला सांगत होते आणि सांगता सांगता माझ्या लक्षात आलं की अख्खा चौक मोकळा आहे. एक छत्री नाही, एक गाडा नाही, भाजीचं पान नाही. शेजारच्या कॅफेवाल्याला विचारलं तर तो म्हणाला, आज रविवार, बाजार सोमवार ते शनिवार, तोही दुपारी दोनपर्यंत. आम्हाला रविवारी घेतानाच त्यांना माहीत होतं की बाजार नसणार. इतकं साधं आहे हे.

मग गाइड आला, आणि 8 सोडा, मी मोजले तर आम्ही 26 जण होतो. बाजाराचं विचारलं तर म्हणाला की आज आपण स्पेशल दुकानांचा टूर करतोय. दुकानांचा म्हणजे एकाच दुकानाचा. तिरंगी पास्त्याची पाकिटं, लिमोन्चेल्लोच्या बाटल्या, मसाल्यांच्या पुड्या, सगळं टुरिस्टसाठी मांडलेलं. तिथे आम्हाला जवळजवळ पाऊण तास ठेवलं. प्लास्टिकच्या चमच्यावर काळं दाट व्हिनेगर चाटायला दिलं, हे मोदेनाचं 25 वर्षं मुरवलेलं बाल्सामिक आहे म्हणाला, बाटलीवर खरंच मोठ्ठा 25 लिहिलेला, पाव लिटरची बाटली 39 युरोला. आम्ही घेतली. संध्याकाळी अपार्टमेंटवर फोन धरून लेबल वाचलं तर वाइन व्हिनेगर, द्राक्षाचा रस आणि रंगासाठी कॅरमेल. खरं पारंपरिक बाल्सामिक फक्त शिजवलेल्या द्राक्षरसाचं असतं, किमान 12 वर्षं मुरवतात, एक्स्ट्राव्हेक्यो लिहिलेलं असेल तर 25, त्यावर डीओपीचा, म्हणजे ठरलेल्या भागात ठरलेल्या पद्धतीने केल्याचा शिक्का असतो आणि मोदेनाचं असेल तर ते 100 मिलीच्या गोल पोटाच्या ठरलेल्या बाटलीतच मिळतं. आयजीपी (हा जरा सैल नियमांचा शिक्का) लिहिलेलं साधं बाल्सामिक 60 दिवसांतही तयार होतं. ते वाईट नसतं, सॅलडवर मस्त लागतं, पण त्याचे 39 युरो कोणी देत नाही. आणि बाटलीवर नुसता आकडा छापला म्हणजे ती वर्षं होत नाहीत.

दुसरी गोष्ट भावाची. उन्हात वाळवलेल्या टोमॅटोंवर 6.50 अशी पाटी होती. नवऱ्याला वाटलं किलोचा भाव, त्याने आईसाठी बऱ्यापैकी भरून घेतले. 400 ग्रॅमचे 26 युरो झाले. पाटीवर बारीक अक्षरात एत्तो लिहिलेलं होतं, एत्तो म्हणजे 100 ग्रॅम. तिकडे चीज, सुके मशरूम, असल्या गोष्टींना एत्तोचा भाव लिहायची पद्धतच आहे, त्यामुळे त्याला फसवणूक म्हणता येणार नाही, पण गाइड बाजूलाच उभा होता आणि एका शब्दाने बोलला नाही. ट्रफल (जमिनीखाली उगवणारं महागडं मशरूम) ऑइल मात्र घेतलं नाही ते बरं झालं. त्याच्या लेबलवर आरोमा असा शब्द असेल तर बहुतेक वेळा वास प्रयोगशाळेतला असतो, ट्रफलचा नाही.

तिथून आम्हाला नेलं ते एका रेस्टॉरंटच्या तळघरात. आजी नाही, घर नाही, खिडकीही नाही. लांब टेबलं लावलेली आणि प्रत्येकापुढे प्लास्टिकमध्ये गुंडाळलेला पिठाचा तयार गोळा. म्हणजे शंभर ग्रॅम मैद्याला एक अंडं हे जे प्रमाण आहे, पीठ किती मळायचं, किती वेळ झाकून ठेवायचं, जे शिकायला माणूस पैसे भरतो ते सगळं आधीच संपलेलं. आईचा वेगळा बिनअंड्याचा गोळा कुठेय विचारलं तर तो तरुण कूक म्हणाला की मम्माला आम्ही कोरडी स्पॅगेटी देऊ, त्यात अंडं नसतं. ते खरंच आहे, कोरड्या पास्त्यात सहसा गव्हाचा रवा आणि पाणीच असतं, म्हणून मी गप्प बसले. आई बिचारी हात बांधून बाकीच्यांचं बघत बसली. आयुष्यभर पोळ्या लाटलेली बाई, तिच्या हातात लाटणंसुद्धा दिलं नाही कोणी.

मुलगी मात्र रमली. मशीनमधून पट्टी काढली, सुरीने कापली आणि उरलेल्या तुकड्याचं मधोमध चिमटा काढून फुलपाखरू केलं. मग सगळ्यांचा पास्ता एका ट्रेवर गोळा करून आत शिजवायला नेला. वीस मिनिटांनी ताटल्या आल्या आणि सगळ्यांच्याच ताटलीत गोल, एकसारखी, दुकानातली स्पॅगेटी. आम्ही कापला होता तो चपटा, पिवळसर, वाकडातिकडा. मुलगी काट्याने सगळी ताटली उकरत होती, आई माझं फुलपाखरू कुठंय गं? कूकला विचारलं तर म्हणाला तुमचा पास्ता आधी सुकायला हवा. साफ खोटं. ताजा पास्ता दोन-तीन मिनिटांत शिजतो, आणि त्याच दिवशी खायचा तर सुकवावा लागतच नाही. तो ट्रे कुठे गेला ते आम्हाला शेवटपर्यंत कळलं नाही.

आणि आता ते, ज्याच्यासाठी मी हे सगळं लिहायला बसले. डिश होती काचिओ ए पेपे, म्हणजे चीज आणि मिरपूड, दुसरं काहीच नाही. मी मुलीची समजूत काढत होते तोवर आईने दोन-तीन घास खाल्ले होते. मग काउंटरवर पडलेला चीजचा तुकडा दिसला, पेकोरिनो रोमानो. रेनेट म्हणजे दूध विरजायला, म्हणजे त्याचं घट्ट चीज करायला वापरतात तो पदार्थ, तो मूळचा दूधपित्या वासराच्या किंवा कोकराच्या पोटातून काढतात. आपल्या मनात चीज म्हणजे दूध, म्हणजे शाकाहारी, पण तसं नाहीये. पेकोरिनो रोमानोला कोकराचंच रेनेट लागतं, तो त्यांचा नियम आहे. पार्मिजानो रेज्जानो आणि ग्राना पादानो वासराच्या रेनेटचे. मला एवढं वाचून माहीत होतं म्हणून तर मी बुकिंगमध्ये लिहिलं होतं. कूकला विचारलं, हे माझ्या आईला चालेल असं वेगळं चीज आहे ना? त्याने खांदे उडवले, म्हणाला हे पेकोरिनो आहे, कोकराचं असतंच, पण यात मांस कुठेय?

मी आईला हळूच सांगितलं. ती काहीच बोलली नाही. काटा खाली ठेवला, बाथरूममध्ये जाऊन चूळ भरली आणि येऊन बसली. बराच वेळ तिची बोटं माळेवर होती. परत येताना ट्रॅममध्ये फक्त एवढंच म्हणाली, तुझी काही चूक नाही गं, तू विचारलं होतंस ना त्यांना. त्या रात्री ती केळं खाऊन झोपली. तिने मला बोल लावला असता तर कदाचित बरं वाटलं असतं.

इटलीतल्या माणसाला शाकाहारी म्हटलं की मांस आणि मासे नाहीत एवढंच डोळ्यासमोर येतं, रेनेटचा विचार बहुतेक जण करत नाहीत, ते मी समजू शकते. पण मी शब्दाशब्दाने लिहिलं होतं आणि त्यांनी हो म्हटलं होतं. तुमच्या घरात कोणी कडक शाकाहारी किंवा जैन असेल तर व्हेजिटेरियन या शब्दावर अजिबात जाऊ नका. काल्यो म्हणजे रेनेट, हा एक शब्द पाठ करून ठेवा, लेबलवर काल्यो व्हेजेताले किंवा मिक्रोबिको असेल तरच घ्या, आणि क्लासवाल्यांना विचारा की कुठलं चीज वापरणार त्याचं नाव सांगा. नाव सांगता येत नसेल तर पैसे भरू नका. तिरामिसू या गोड पदार्थात मास्कारपोने चीज असतं, त्याला रेनेट लागत नाही, पण तिरामिसूत अंडं असतं, हेही धरून चला.

सोमवारी आम्ही टूरबिर काही न करता स्वतःच तेस्ताच्च्योच्या बाजारात गेलो. तोही रविवारी बंद असतो. एका म्हाताऱ्या बाईंच्या गाळ्यावर आर्टिचोकचा (जाड पाकळ्यांची कळी, तिची भाजी करतात) ढीग होता, एप्रिलमध्ये त्यांचा मोसम असतो. आईने खुणेने विचारलं हे सोलायचं कसं, तर त्या बाईंनी बाहेरची जाड पानं मोडून टाकली, मग सुरी स्थिर धरून आर्टिचोकच गरागरा फिरवलं आणि काळं पडू नये म्हणून लिंबाच्या पाण्यात टाकलं. आई म्हणाली, अगं आपण केळफूल ताकाच्या पाण्यात टाकतो तसंच. मग तिने स्वतः एक सोलून बघितलं, बाईंनी तिचा हात धरून सुरीचा कोन बदलून दिला. आम्ही मटार आणि बाकल्याच्या शेंगाही घेतल्या आणि स्टेशनजवळच्या एस्क्विलिनोच्या बाजारातून कोथिंबीर-मिरच्या, तिथे आपल्याकडचं आणि बांगलादेशी सामान भरपूर मिळतं. अपार्टमेंटच्या शेगडीवर आईने ते सगळं ऑलिव्ह ऑइलमध्ये परतलं. या तीन भाज्यांची रोममध्ये वसंतात विन्यारोला नावाची मिश्र भाजी करतात, बरेच लोक त्यात डुकराचं मांस घालतात, आमच्यात अर्थातच नव्हतं. चार दिवसांनी आई त्या दिवशी पोटभर जेवली.

चांगले क्लास नसतातच असं नाही. पण बाजार कुठला, वार कुठला आणि किती वाजता हे लेखी घ्या आणि तो बाजार त्या दिवशी उघडा असतो का ते स्वतः बघा. दुपारी चारला सुरू होणारा मार्केट टूर दिसला तर तो सोडून द्या, भाजीबाजार बहुतेक ठिकाणी दुपारी दोनच्या सुमारास आवरतो. पीठ आम्ही मळणार का आणि आम्ही केलेलाच पास्ता आम्हाला वाढणार का, हे सरळ शब्दांत विचारा, प्रामाणिक माणूस याचं उत्तर एका ओळीत देतो. अंडं चालत नसेल तर दक्षिणेकडचे ओरेकिएत्ते शिकवणारा क्लास शोधा, तो पास्ता रवा आणि पाण्याचाच असतो. तारीख बदलायचा मेसेज आला तर लगेच हो म्हणू नका.

पैशांचं म्हणाल तर त्यांनी उत्तर दिलं की बाजाराची भेट उपलब्धतेनुसार असते. मी बँकेत कार्डाचा डिस्प्यूट टाकलाय, त्यात बुकिंगचं पान, रेनेटबद्दलचा मेल, वार बदलल्याचा मेसेज आणि रिकाम्या चौकाचा वेळेसकट फोटो जोडलाय. बँकेने एवढंच सांगितलंय की चौकशी चालू आहे. त्या आजीचा फोटो गूगल लेन्समध्ये टाकून बघितला तर तो चार-पाच वेगवेगळ्या साइटवर निघाला, एका ठिकाणी तर पिठाच्या जाहिरातीत. काल रात्री परत माझ्या फोनवर तीच जाहिरात आली, नाव नवीन, तीच आजी, तीच कुंडी, जास्तीत जास्त 8 जण, शहर मात्र आता फ्लॉरेन्स लिहिलंय.