सात महिने ईएनबी आणि रीशेड, आणि ते काढण्यात गेलेले तीन रविवार

गणपतीत देवासहून आतेभाऊ आला होता. दुपारी जेवून सगळे आडवे झाल्यावर त्याने माझ्या पीसीवर स्कायरिम स्पेशल एडिशन हा गेम लावला, दोन मिनिटं इकडेतिकडे फिरला आणि तोंड वाकडं करून म्हणाला, "दादा, हे इतकं फिकं काय खेळून राहिलास?" खिशातून पेनड्राइव्ह काढला, त्यातली गेमचं चित्र सजवणाऱ्या फाइलींची झिप गेमच्या फोल्डरमध्ये ओतली, विंडोजने विचारलं तेव्हा सगळं रिप्लेस कर म्हणून सांगितलं. चहा उकळेपर्यंत काम झालं. तेच काढायला मला मार्चमधले तीन रविवार लागले.

आधी माझं यंत्र सांगतो, कारण त्याशिवाय अशा अनुभवाला काही अर्थ नाही. रायझन ५, सोळा जीबी रॅम, ग्राफिक कार्ड जीटीएक्स १६५० चार जीबीचं, साधा १०८० चा मॉनिटर. इंदूरच्या लोकमान्यनगरातल्या घराच्या पश्चिमेकडच्या खोलीत पीसी आहे, म्हणजे संध्याकाळी खोली आधीच तापलेली असते.

झिपमध्ये तीन गोष्टी एकत्र होत्या, हे मला फार नंतर कळलं. एक ईएनबी, जे बोरिस व्होरोंत्सोव यांनी बनवलंय. ते गेमच्या प्रकाश-सावल्यांच्या हिशेबातच हात घालतं. दुसरं रीशेड. हे मुक्त स्रोत आहे आणि गेमने चित्र काढून झाल्यावर त्या चित्रावर फिल्टर चढवतं. तिसरा एक हवामानाचा मॉड (चाहत्यांनी गेमला केलेली जोड), आकाश आणि ढग बदलणारा. हा प्रीसेट, म्हणजे तयार सेटिंगचा गठ्ठा, बनवणाऱ्याने तिघांची मोट बांधली होती आणि कुठे काय आहे याची एक ओळही लिहून ठेवली नव्हती.

खोटं कशाला बोलू, पहिले पंधरा दिवस मी वेडा झालो होतो. रिव्हरवुडची नदी, पाऊस पडून गेल्यावर लाकडी फळ्यांवरची ओल, खानावळीतल्या शेकोटीचा भिंतीवर हलणारा उजेड. मी तलवार ठेवून नुसता फोटो काढत फिरायचो. चारशेच्या वर स्क्रीनशॉट झाले. ऑफिसातल्या एकाला दाखवले तर त्याला वाटलं नवा गेम घेतला.

मग खेळायला लागलो. फोटो काढणं आणि खेळणं यांत फरक आहे, तो दिवाळीपर्यंत पुरता ध्यानात आला. सेकंदाला साठ फ्रेमवर चालणारा गेम त्यातल्या व्हाइटरन शहराच्या बाजारात तेहतीस-चौतीसवर यायचा. रात्र इतकी काळी की मशाल खाली ठेवायची सोय नाही, म्हणजे एका हातात कायम मशाल आणि ढाल वापरायचं विसरा. कुणाशी बोलायला जावं तर मागचं सगळं पुसट व्हायचं आणि कधीकधी बोलणारा माणूसच पुसट. रीशेड पूर्ण झालेल्या चित्रावर काम करत असल्यामुळे मेनूची अक्षरंही त्यातून सुटत नाहीत. शार्पनिंगमुळे अक्षरांना पांढरी कड यायची आणि वर फिल्मचे दाणे. नकाशावरचं गावाचं नाव वाचायला मी खुर्ची पुढे ओढायचो.

आईचं मोतीबिंदूचं ऑपरेशन दोन वर्षांपूर्वी झालंय. एकदा रात्री ती पाणी प्यायला उठली, माझ्यामागे उभी राहून जरा वेळ बघत राहिली आणि म्हणाली, "अरे, ऑपरेशनच्या आधी मला अगदी असंच दिसायचं. दिव्याभोवती कडं आणि लांबचं सगळं धुरकट." ब्लूम (उजेड पसरवणं) आणि डेप्थ ऑफ फील्ड (लांबचं पुसट करणं) यांचं याहून नेमकं वर्णन माझ्या वाचनात नाही.

आमच्याकडे पोह्यांवर जिरावण मसाला भुरभुरतात. या प्रीसेटवाल्याने पोहेच जिरावणात टाकले होते. एकेक इफेक्ट बंद करून बघितला तेव्हा कळलं की मला आवडलेल्या गोष्टी दोनच आहेत, ओलेपणा आणि शेकोटीचा उजेड. बाकीचे वीसेक इफेक्ट ग्राफिक कार्डाचा घाम काढण्यापुरते होते. तरी मी ढकलत राहिलो, कारण त्या रूपात चव्वेचाळीस लेव्हलपर्यंत आलो होतो. फेब्रुवारीच्या शेवटी पंख्याचा आवाज हेडफोनमधूनही ऐकू यायला लागला, तेव्हा ठरवलं, काढायचं.

पहिला रविवार. ईएनबी नुसतं बंद करायला शिफ्ट आणि एफ१२ पुरतात, रीशेडचा मेनू होम की दाबून उघडतो आणि तिथून इफेक्ट बंद होतात. पण बंद करणं म्हणजे काढणं नव्हे, दोन्ही चालू असतातच. मी आपला शहाणा, स्टीममध्ये, म्हणजे गेम जिथून विकत घेऊन उतरवतात त्या ॲपमध्ये, गेलो आणि गेमच्या फाइलींची पडताळणी करायला लावली. स्टीमने सगळं ठीक असल्याचा दाखला दिला. गेम लावला तर सुरुवातीला वरच्या बाजूला रीशेडची पट्टी जशीच्या तशी.

हे इथे सविस्तर सांगतो, कारण बहुतेकांची गाडी इथेच अडकते. स्टीमजवळ एक यादी असते, गेमच्या स्वतःच्या फाइलींची. पडताळणीत ती यादी घेऊन तो बघतो की यातलं काही हरवलंय का, बदललंय का, आणि असेल तर पुन्हा आणून ठेवतो. यादीत नसलेलं तुम्ही फोल्डरमध्ये काय आणून ठेवलंय याच्याशी त्याला देणंघेणं नसतं. घरमालकाने आपली भांडी मोजून घ्यावीत आणि भाडेकरूच्या सामानाकडे बघूही नये, तसं.

दुसरा रविवार तर याहून वाईट. गेमच अनइन्स्टॉल केला आणि बारा-तेरा जीबी पुन्हा उतरवले. दुपार त्यातच गेली. सुरू केला, तर पुन्हा तीच पट्टी! स्टीम अनइन्स्टॉल करतानाही आपल्या यादीतलंच उचलतो. स्टीमॲप्स, त्यात कॉमन, त्यात स्कायरिमचं फोल्डर, ते उरलेल्या सामानासकट तिथेच होतं आणि नवा गेम त्याच्यावरच येऊन बसला. अनइन्स्टॉल झाल्यावर ते फोल्डर हाताने काढलं असतं तर काम तिथेच संपलं असतं, हे नंतरचं शहाणपण.

तिसऱ्या रविवारच्या आधी मी जरा वाचलं. ही सॉफ्टवेअरं गेममध्ये शिरतात कशी, ते कळलं की काढणं सोपं होतं. गेमला पडद्यावर काही दाखवायचं तर डायरेक्टएक्सच्या, म्हणजे विंडोजच्या चित्र काढणाऱ्या यंत्रणेच्या, डीएलएल फाइली लागतात. नाव घेऊन तो हाक मारतो आणि विंडोज त्या नावाची फाइल आधी गेमच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये शोधतं, तिथे नसेल तरच सिस्टीम३२ या विंडोजच्या फोल्डरमध्ये जातं. ईएनबी आणि रीशेड नेमका याचाच फायदा घेतात. ईएनबी डी३डी११.डीएलएल असं नाव लावून गेमच्या दारात बसतं, रीशेड डीएक्सजीआय.डीएलएल असं. हाक आली की तेच ओ देतात आणि खऱ्या फाइलीला मागून बोलावून घेतात. म्हणून आधी उठवायच्या त्या या दोन. मी पहिल्या रविवारी उत्साहात रीशेड-शेडर्स हे मोठं फोल्डर उडवलं होतं, पण ते सामान होतं, सामानवाला तिथेच बसून होता.

एक सांगून ठेवतो, कुणी घाईत करून बसेल म्हणून. याच नावाच्या फाइली सिस्टीम३२ मध्येही असतात आणि त्या विंडोजच्या असतात. त्यांना हात लावू नका. काम फक्त गेमच्या फोल्डरमध्ये, जिथे स्कायरिमएसई.ईएक्सई आहे तिथे. डीएक्सजीआय कुणाची आहे अशी शंका आली तर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, डिटेल्स. तिथे रीशेडचं नाव लिहिलेलं दिसतं.

या वेळी मी काही डिलीट केलं नाही. डी ड्राइव्हवर "काढलेलं" नावाचं फोल्डर केलं आणि एकेक फाइल तिकडे हलवत गेलो. दोन डीएलएलनंतर ईएनबीची आणखी एक, डी३डीकंपायलर_४६ई.डीएलएल. मग ईएनबीलोकल आणि ईएनबीसिरीज या दोन आयएनआय, म्हणजे सेटिंगच्या, फाइली, ईएनबीसिरीज नावाचं फोल्डर, ईएनबीकॅश. रीशेडच्या बाजूने रीशेड.आयएनआय, प्रीसेटची आयएनआय आणि लॉग. तारखेप्रमाणे लावलं की बरंचसं आपोआप एका ठिकाणी येतं.

इथे माझा हात जरा जास्तच चालला. बिंक२डब्ल्यू६४.डीएलएल ही फाइल मला नावावरूनच संशयास्पद वाटली, तीही उचलली. गेम उघडेचना, फाइल सापडत नाही म्हणून खिडकी. ती गेमचीच निघाली, व्हिडिओ दाखवणारी. परत ठेवली. हरवली असती तरी पडताळणीने ती आणून दिलीच असती, ते काम तिला उत्तम येतं. एसकेएसई (काही मॉडना लागणारं जोडसॉफ्टवेअर) वापरत असाल तर त्याच्या डीएलएलही तिथेच असतात, त्यांचा चित्राशी संबंध नाही, त्या राहू द्या.

पट्टी गेली. पण चित्र अजून मूळचं नव्हतं.

त्याच आठवड्यात रंगपंचमी झाली होती. राजवाड्याला गेर, म्हणजे रंगांची मिरवणूक, खेळून आलो, तीनदा साबण लावून अंघोळ केली आणि दुसऱ्या दिवशी ऑफिसात साहेबांनी कानामागचा जांभळा रंग दाखवला. गेमचंही तसंच. प्रीसेट बसवताना आतेभावाने गेमच्या स्वतःच्या सेटिंगमध्ये एफएक्सएए (कडा गुळगुळीत करणं) आणि अँबियंट ऑक्लूजन (वस्तूंच्या तळाच्या सावल्या) बंद केलं होतं, कारण ते काम ईएनबी करणार होतं. ईएनबी गेलं आणि करणारं कुणीच उरलं नाही. वस्तूंच्या तळाशी सावलीच नाही, बरण्या टेबलावर तरंगताहेत असं वाटायचं. ही सेटिंग गेमच्या फोल्डरमध्ये नसतात, डॉक्युमेंट्समधल्या माय गेम्समध्ये असतात, त्यामुळे गेम कितीही वेळा उतरवला तरी ती बदलत नाहीत. तिथली स्कायरिमप्रेफ्स.आयएनआय बाजूला ठेवली आणि गेम त्याच्या स्वतःच्या लाँचरमधून उघडला. लाँचरने कार्ड बघून नवीन फाइल लिहिली, सावल्या परत आल्या. शॉर्टकट थेट एसकेएसईचा असेल तर लाँचर मध्ये येतच नाही, हे ध्यानात ठेवा.

शेवटचा उरला हवामानाचा मॉड. तो डीएलएल नाही, गेममध्ये चालू-बंद करता येणारा प्लगइन आहे, आणि त्यातल्या रात्री ईएनबी जमेला धरून रंगवलेल्या. ईएनबी गेल्यावर त्या काळ्या राहिल्याच, वर सपाटही झाल्या. मी गेममधल्या एका घरात शिरून सेव्ह केलं, प्लगइन बंद केला, पात्राला घरातच गेममधले दोन दिवस वाट बघायला लावली आणि बाहेर पडलो. मूळचं आकाश दिसलं, तेच ते राखाडी निळं.

आता फ्रेम साठवर आहेत आणि पंखा गप्प. पहिला अर्धा तास सगळं उकडलेल्या बटाट्यासारखं दिसलं, हेही खरं आहे. नंतर एका गुहेत वाटेतला सापळा मला पाय पडायच्या आधी दिसला. सात महिन्यांत पहिल्यांदाच.

रीशेडवर माझा राग नाही. एका जुन्या रेसिंग गेमला ते आजही लावलेलं आहे, शार्पनिंग आणि रंगांची थोडी दुरुस्ती, दोनच इफेक्ट, फ्रेमचं नुकसान जाणवतही नाही. ते त्याच्या स्वतःच्या सेटअपने बसवलंय. तोच सेटअप पुन्हा चालवून गेम निवडला की अनइन्स्टॉलचा पर्याय तिथेच मिळतो, म्हणजे हे रामायण घडत नाही. एवढंच की डायरेक्टएक्सऐवजी व्हल्कनवर चालणाऱ्या गेमांत ते गेमच्या फोल्डरमध्ये बसत नाही, संपूर्ण सिस्टीमसाठी नोंदवलं जातं, तिथे फाइली शोधत बसू नका, सेटअपनेच काढा. ऑनलाइन गेममध्ये मी लावत नाही. अँटीचीटला (लबाडी पकडणाऱ्या सॉफ्टवेअरला) अशी दारात बसलेली डीएलएल दिसली तर तो विचारपूस करत नाही. ईएनबीचं म्हणाल तर ते माझ्या १६५० च्या आवाक्याबाहेर आहे. मोठं कार्ड असेल, फोटो काढायची हौस असेल तर बघण्यासारखं आहे. पण एकेक फाइल कळून स्वतः टाका, कुणाची मोट आणून ओतू नका, आणि टाकण्याआधीची एक सेव्ह वेगळी ठेवा.

माझी जुनी सेव्ह पहिल्यांदा उघडली तेव्हा गेमने विचारलं, यातली काही सामग्री आता नाही, तरी उघडू का? मी हो म्हणालो. वीसेक तास झाले, आतापर्यंत काही बिघडलेलं नाही. खबरदारी म्हणून तिची एक प्रत आतेभावाच्या पेनड्राइव्हवर ठेवलीय, जो तो गणपतीत इथेच विसरून गेला होता.