यानहुसुओच्या पोत्यात रंगवलेल्या गाठी: 6,090 युआन कसे गेले

मालाचे 4,680 युआन, वाहतुकीचे 260 आणि चाचणीचे 1,150. एकूण 6,090 युआन गेले आणि बदल्यात 60 किलो पिवळा कचरा मिळाला. भाव किलोला 78 युआन होता, म्हणजे स्वस्ताईच्या मोहात कोणी पडलं असंही म्हणता येणार नाही. चांगल्या मालाचा भाव देऊन भेसळ पदरात पडली.

वस्तू यानहुसुओ, चिनी औषधपद्धतीतला वेदनाशामक कंद. कॉरिडॅलिस यानहुसुओ या छोट्या झाडाची जमिनीखालची गाठ. यातलं मुख्य अल्कलॉइड, म्हणजे वनस्पतीतलं गुणकारी द्रव्य, टेट्राहायड्रोपामाटिन, आणि सगळा पैसा त्याच्यासाठीच मोजला जातो. झजियांग प्रांतातल्या दोंगयांग, पानआन भागातल्या मालाला मान आहे. शान्शीमधल्या छंगगू भागातही मोठी लागवड होते. व्यापाऱ्याने 'झजियांगचा अस्सल माल' असं सांगितलं. ते सगळेच सांगतात. पोत्यावरच्या अक्षरांवरून प्रांत ओळखता येत नाही.

फसवणुकीची पद्धत नेहमीचीच. आधी 200 ग्रॅमचा अस्सल नमुना, मग 30 टक्के बयाणा (1,404 युआन), उरलेले 3,276 माल निघायच्या आधी, आणि सोबत प्रयोगशाळेचा छापील अहवाल. पोती दोन, प्रत्येकी 30 किलोची. वरचा हातभर थर खरा, खाली शानयाओच्या गाठी. शानयाओ ही आपल्या कारंद्याच्या जातकुळीतली वेल. तिच्या पानांच्या बेचक्यात छोट्या गाठी लागतात, आकाराने बरोबर यानहुसुओएवढ्या. त्या उकडायच्या, ऑरामिन ओ या रंगात बुडवायच्या आणि वाळवायच्या. ऑरामिन ओ हा कागद आणि कापड रंगवायचा कृत्रिम रंग. प्रयोगशाळेत क्षयाचे जंतू चमकवून दाखवायला तो वापरतात. आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्थेने त्याला कर्करोगाची शक्यता असलेल्या पदार्थांच्या 2बी गटात ठेवलं आहे, आणि त्याच्या उत्पादनाच्या कामाला तर थेट पहिल्या, म्हणजे कर्करोग होतो हे सिद्ध झालेल्या गटात. आणि हा रंग औषधाच्या काढ्यात उतरतो! दुखण्याने बेजार झालेल्या माणसाला वेदनाशामक म्हणून कापडाचा रंग पाजायचा, याला नुसती भेसळ म्हणवत नाही.

आता तो क्षण, ज्याचा विचार केला की अजून डोकं तापतं. पोत्यात हात घातल्यावर बोटं पिवळी झाली. लिंबासारखी, झगझगीत. खऱ्या यानहुसुओच्या कोरड्या कंदांची धूळ बोटांना लागते, पण ती मातकट असते आणि ओल्या फडक्याने लगेच निघते. हा रंग ओल्या फडक्यावर पसरला आणि कातडीवर राहिला. तिथेच माल नाकारायला हवा होता. नाकारला नाही, कारण वरचे कंद फोडून पाहिले तर ते खरे होते: आत पिवळे, शिंगासारखे घट्ट, मेणचट चकाकीचे, आणि जिभेला कडू. अस्सल मालाच्या सगळ्या खुणा हातात असताना बोटाच्या डागावरून कोण अख्खं पोतं नाकारतं? खरं तर नाकारायला हवं. कंद पिवळा असतोच, त्यामुळे पिवळ्या डागाचा संशय येत नाही. नेमक्या त्याच गोष्टीवर हा धंदा चालतो.

तळाशी हात घालून कंद काढा. वास घेऊ नका, चव घ्या. पण आधी भिजवा. 10 ग्रॅम कंद 100 मिलिलिटर कोमट पाण्यात टाका. दहा मिनिटांत पाणी लिंबी पिवळं झालं तर रंग आहे. खऱ्या मालाचं पाणी तेवढ्या वेळात जेमतेम फिकट होतं. या पाण्यात पांढऱ्या लोकरीचा धागा बुडवून ठेवा आणि नंतर धुवा. रंग धाग्याला चिकटून राहिला तर शंका उरत नाही. यासाठी यंत्र लागत नाही, पैसे लागत नाहीत.

कंद फोडून बघताना पाच-दहा फोडून भागत नाही. खरा कंद चपटा, वेडावाकडा गोल, अर्धा ते दीड सेंटीमीटर रुंद. अंगावर जाळीदार सुरकुत्या. डोक्यावर देठाचा किंचित खोलगट वण. बुडाला बहुधा छोटे फुगवटे. शानयाओची गाठ जास्त गुळगुळीत असते, अंगावर मुळांच्या डोळ्यांचे ठिपके, आतून पांढुरकी आणि पिठूळ, चवीला कडवटपणा नाही, चावली तर बुळबुळीत. उकडल्यावर मात्र हीसुद्धा थोडी घट्ट आणि मेणचट होते. म्हणून नुसत्या छेदाकडे बघून निकाल देऊ नका.

आयोडीनचा थेंब टाकून बघायचा सल्ला खूप जण देतात. तो इथे निरुपयोगी. दोन्हींत पिष्ट आहे, दोन्ही निळे-काळे होतात. सूक्ष्मदर्शक मिळत असेल तर पूड पाण्यात पसरून सुया शोधा. शानयाओत कॅल्शियम ऑक्झलेटच्या सुयांचे जुडगे असतात, यानहुसुओत नसतात. एक जुडगा दिसला की विषय संपला.

तळातून काढलेल्या 500 ग्रॅमची हाताने निवड केली तेव्हा 310 ग्रॅम शानयाओ निघालं, म्हणजे 62 टक्के. सगळ्या मिश्रणाच्या चाचणीत टेट्राहायड्रोपामाटिन 0.019 टक्के आलं. चिनी औषधसंहितेच्या, म्हणजे औषधांचा दर्जा ठरवणाऱ्या सरकारी ग्रंथाच्या, 2015 च्या आवृत्तीत किमान मर्यादा 0.050 होती. व्यापाऱ्याच्या अहवालावर आकडा होता 0.11. हिशोब करून पाहा: उरलेले 38 टक्के कंद खरोखर 0.11 चे असते तर मिश्रणात 0.042 आलं असतं. आलं 0.019. म्हणजे जे खरे होते तेही जेमतेम मर्यादेला टेकलेले. तो अहवाल या मालाचा नव्हताच! अहवालावरचा तुकडी क्रमांक आणि पोत्यावरचा तुकडी क्रमांक वेगळे होते. आधी लक्षात का आलं नाही, असं विचारणाऱ्यांना एवढंच सांगणं आहे की पोत्याचं लेबल माल हातात आल्यावर दिसतं, आणि अहवाल पैसे देण्याआधी. पैसे देण्याआधी शिवलेल्या पोत्याच्या लेबलाचा फोटो मागा. देत नसेल तर तिथेच थांबा.

चांगला आकडा दिसला म्हणून निर्धास्त होऊ नका, आकडाही बनवता येतो. बाजारात 'रोटुंडिन' नावाने जे मिळतं ते याच अल्कलॉइडचं प्रकाश डावीकडे वळवणारं रूप, आणि ते मुख्यतः स्टेफानिया या वेगळ्याच वेलीच्या कंदातून काढतात, कारण तिच्यात ते कितीतरी जास्त असतं. 60 किलो निकृष्ट मालाचा आकडा 0.05 ने वाढवायला शुद्ध रोटुंडिन फक्त 30 ग्रॅम पुरतं. चाचणीत 280 नॅनोमीटरच्या प्रकाशात आलेखावरचं एकच शिखर बघणारी प्रयोगशाळा ते खरं धरते. म्हणून चाचणी मागताना फक्त टेट्राहायड्रोपामाटिन मागू नका. सोबत कॉरिडॅलिन आणि डिहायड्रोकॉरिडॅलिन आहेत का ते विचारा, आणि पूर्ण आलेख मागा. खऱ्या कंदात ही भावंडं एकत्र असतात. नुसतं एकटं उंच शिखर आणि बाकी सपाट, तर कोणीतरी बाहेरून घातलेलं आहे. खऱ्या यानहुसुओतलं टेट्राहायड्रोपामाटिन डाव्या-उजव्या दोन्ही रूपांचं मिश्रण असतं, तेही तपासता येतं.

तयार अर्काची पूड घेणाऱ्यांना तर जास्तच धोका. शुद्ध पदार्थ पांढरा ते फिकट पिवळसर असतो, उजेडाने आणि उष्णतेने पिवळा होतो. 'अल्कलॉइड 98 टक्के' म्हणून गडद पिवळी पूड देणाऱ्याकडून ती घेऊ नका.

नाव एक आणि आतला माल दुसरा, याने जीवही जाऊ शकतो. 1993 साली अमेरिकेत कोलोरॅडोत तीन लहान मुलांनी 'जिन बु ह्वान' नावाच्या गोळ्या गिळल्या. श्वास मंदावला, हृदयाचे ठोके मंदावले. लेबलवर पॉलिगाला चायनेन्सिस या वनस्पतीचं नाव होतं. गोळीच्या वजनाचा 36 टक्के भाग डावं टेट्राहायड्रोपामाटिन होतं, जे पॉलिगालात नसतंच. तिथे लपवलेलं औषध होतं, इथे गायब केलेलं औषध आणि वर रंग.

आता तक्रारीचं. बाजाराच्या व्यवस्थापनाने सांगितलं, मालाचं बिल 'कृषी उत्पादन' म्हणून आहे, औषधाची तक्रार आमच्याकडे नाही. शेतमालाच्या दर्जाचं काम बघणाऱ्या कार्यालयाने सांगितलं, हा औषधी कंद आहे, औषध खात्याकडे जा. औषध खात्याने सांगितलं, नमुना तुम्ही स्वतः काढलात, आम्ही धरू शकत नाही. पोलिसांनी सांगितलं, हा व्यापारी वाद आहे. चार टेबलं, चार शिक्के, आणि प्रत्येकाकडे दुसऱ्या टेबलाचा पत्ता! 62 टक्के शानयाओ डोळ्यांसमोर मांडलेलं होतं. त्यांच्या समोरच पाण्यात भिजवलं, पाणी पिवळं झालं. एका साहेबाने ते पाणी खिडकीत नेऊन बघितलं आणि म्हणाला, 'रंग सुंदर आहे.' फॉर्म परत आला, कारण तारखेचा रकाना चुकला होता. दुसऱ्यांदा परत आला, कारण प्रयोगशाळेच्या अहवालावर 'फक्त आलेल्या नमुन्यापुरती जबाबदारी' असं वाक्य होतं. हे वाक्य प्रत्येक अहवालावर असतं. मग बाहेरून चाचणी करून आणलेला कोणता कागद यांना चालतो, ते कोणी सांगत नाही.

कायदा कमकुवत नाही. 2019 मध्ये सुधारलेल्या चिनी औषध प्रशासन कायद्याच्या 98 व्या कलमात, एका औषधाच्या जागी दुसरं किंवा औषध नसलेली वस्तू औषध म्हणून विकणं म्हणजे बनावट औषध, असं स्वच्छ लिहिलं आहे. कलम 116 प्रमाणे दंड मालाच्या किमतीच्या 15 ते 30 पट, आणि किंमत 1 लाख युआनच्या खाली असली तरी हिशोब 1 लाखावर. कलम 144 प्रमाणे फसलेला माणूस किमतीच्या 10 पट किंवा नुकसानीच्या 3 पट मागू शकतो. हे सगळं कोणत्या कागदावर अडतं? बिलावरच्या 'कृषी उत्पादन' या दोन शब्दांवर. म्हणून बिलावर 'औषधी कंद यानहुसुओ', तुकडी क्रमांक आणि 'औषधसंहितेच्या दर्जाप्रमाणे' हे लिहून घेतल्याशिवाय बयाणासुद्धा देऊ नका.

पोती उघडताना शिलाई, लेबल, वजनकाटा एकाच सलग चित्रीकरणात घ्या. वर, मध्य, तळ असा तीन ठिकाणचा माल एकत्र करून त्याचे तीन भाग सीलबंद करा: एक चाचणीला, एक वादासाठी, एक राखीव. विक्रेत्याच्या माणसाची सही घ्या. तो यायला तयार नसेल तर त्याला पाठवलेलं बोलावणं जपा. अहवालावर सीएमए शिक्का (चीनमधल्या प्रयोगशाळांच्या सरकारी मान्यतेचा) नसेल तर तो कागद कुठेच चालत नाही, आधी विचारून घ्या. 12315 या ग्राहक तक्रारींच्या सरकारी फोन क्रमांकावर तक्रार करताना तक्रारीचा क्रमांक मागून लिहून ठेवा, तोंडी उत्तर स्वीकारू नका.

आणि शिर्क्यात भाजलेला, म्हणजे व्हिनेगरचा संस्कार केलेला तयार माल अनोळखी माणसाकडून अजिबात घेऊ नका. 100 किलो कंदाला 20 किलो तांदळाचं व्हिनेगर, हे प्रमाण ठरलेलं आहे. त्याने अल्कलॉइडचे क्षार होतात आणि काढ्यात ते नीट उतरतात. पण संस्कारानंतर रंग गडद होतो, आंबट वास चढतो, आणि रंगवलेली गाठ ओळखायच्या निम्म्या खुणा पुसल्या जातात. कच्चा कंद घ्या, फोडा, भिजवा, मग स्वतः संस्कार करा.

उरलेला माल निवडून वापरायचा विचारही नको. रंग खऱ्या कंदांनाही लागलेला असतो, धुऊन जात नाही. दोन्ही पोती सील करून ठेवली आहेत. तो व्यापारी अजून विकतो आहे, 78 च्या भावाने, आणि तोच 0.11 चा अहवाल दाखवून. हा आकडा कोणी दाखवला तर अहवालावरच्या प्रयोगशाळेला थेट फोन करा आणि नमुना कोणी, कधी, किती ग्रॅम दिला होता ते विचारा.