रसदेवर चालणारे युद्ध : ‘दिविदे एत इंपेरा’ मॉड

‘टोटल वॉर: रोम २’ या २०१३ साली आलेल्या संगणकीय खेळासाठी चाहत्यांनी तयार केलेला ‘दिविदे एत इंपेरा’ हा मॉड, म्हणजे मूळ खेळाचे नियम बदलणारी जोड, मी गेली दोन वर्षे खेळत आहे. रणनीतीच्या खेळात आपला खरोखर कस लागावा असे ज्यांना वाटते, त्यांनी तो खेळावाच, असे माझे ठाम मत आहे. मॉड विनामूल्य आहे. मूळ खेळ मात्र विकत घेतलेला असावा लागतो.

मूळ खेळात प्रांतांच्या अन्नाचा हिशेब आहे, परंतु परमुलखात शिरलेल्या फौजेने खायचे काय, हा प्रश्न तेथे फारसा छळत नाही. या मॉडमध्ये तोच प्रश्न सर्वांत मोठा आहे. प्रत्येक प्रदेशात रसदेचा ठरावीक साठा असतो, शत्रूच्या मुलखातील फौज मुख्यतः त्यावरच जगते, आणि वर्षाच्या चार चाली (खेळाडूच्या पाळ्या) असल्यामुळे हिवाळा प्रत्यक्ष सोसावा लागतो.

माझ्या तिसऱ्या मोहिमेत मी रोमची फौज आफ्रिकेच्या किनाऱ्यावर उतरवली, कार्थेजला वेढा घातला आणि आरमार सिसिलीकडे परत पाठवून दिले. हिवाळा लागताच रसदेचा आकडा चालीगणिक उतरू लागला, पाठोपाठ एकेका पलटणीची संख्या घटत गेली, आणि शहरातील शिबंदी बाहेर पडली तेव्हा तिला तोंड देण्याचे बळ माझ्या फौजेत उरलेले नव्हते.

मी वैजापूरचा आहे, पालखेड आमच्याच तालुक्यात आहे. म्हणून ही चूक मला विशेष लागली. १७२८ च्या फेब्रुवारीत बाजीरावांनी निजामाला तेथे कोंडले ते समोरासमोरच्या मोठ्या लढाईने नव्हे, तर त्याच्या छावणीचे दाणापाणी तोडून. आणि मार्चमध्ये मुंगी-शेवगावचा तह झाला. लहानपणापासून ऐकलेली ही गोष्ट मला पडद्यावर रिकामा होत जाणारा तो साठा पाहताना प्रथमच नीट उमगली. त्यानंतर रसद पुरवायला किनाऱ्याला आरमार उभे केल्याशिवाय मी फौज उतरवलेली नाही.

लोकसंख्येची व्यवस्थाही तितकीच कठोर आहे. समाजाचे चार वर्ग मानलेले असून प्रत्येक पलटण त्यांपैकी एका वर्गातून उभी राहते. त्यामुळे एका मोठ्या पराभवानंतर खजिन्यात पैसा असूनही भरतीला माणूस मिळत नाही. लढाया मूळ खेळापेक्षा पुष्कळ लांबतात. समोरची फळी लवकर मोडत नाही, आणि थकलेल्या सैनिकांना वेळेवर मागे घेणाऱ्याचीच सरशी होते.

उणिवा आहेत. इतक्या व्यवस्थांची ओळख खेळाच्या आत पुरेशी करून दिलेली नाही, त्यामुळे नवखा माणूस पहिले काही दिवस चाचपडत राहतो. आणि साम्राज्य वाढले की एकेका चालीला बराच वेळ जातो. नकाशा पूर्वेला बॅक्ट्रियाच्या (आजच्या उत्तर अफगाणिस्तानाच्या) आसपास संपतो, याचीही मला हळहळ वाटते, कारण ज्या तेर आणि पैठणचा माल भडोच बंदरातून रोमन जगात जात होता, ती आपली गावे त्यात येत नाहीत.

पहिल्या मोहिमेसाठी रोम निवडावे, कठीणता साधीच ठेवावी आणि इटली पूर्ण हाती येईपर्यंत समुद्र ओलांडू नये.