मधल्या मारुतीजवळचं शेंगदाण्याचं दुकान: इथं पोतं ओतून बघू देतात

घरगुती शेंगाचटणीचा माझा धंदा, महिन्याला एक पोतं दाणे लागतातच. आधी दुसरीकडून घ्यायचे. तिथं पोत्याचं तोंड सोडून मूठभर दाणे हातावर ठेवायचे, एकेक दाणा कसा टपोरा! गड्ड्याच्या, म्हणजे आमच्या सोलापूरच्या सिद्धेश्वर जत्रेच्या, आधीच्या घाईत तसंच एक पोतं उचललं आणि तळाला निघाले खवट. भाजताना नाही हो कळलं. कुटून तेल सुटलं, जिभेवर ठेवलं तेव्हा कळलं. नऊ किलो चटणी टाकून दिली. लसूण-मिरची गेली ती वेगळीच.

या दुकानात पहिल्यांदा लेकीला घेऊन गेले. ती संख्याशास्त्र शिकते. तिनं मालकांना सरळ विचारलं, "पोतं ओतून दाखवाल?" म्हटलं, आता ऐकून घ्यावं लागणार. पण "ओतू की अक्का, त्यात काय," म्हणत त्यांनीच ताडपत्री अंथरली.

ढीग खालीवर केला, पाच-सहा ठिकाणचे थोडे थोडे घेऊन 200 दाणे मोजले. 8 खराब निघाले, म्हणजे 4 टक्के. 50 किलोत दोन किलो घट धरायची. तेच 200 दाणे काट्यावर 90 ग्रॅम भरले, त्या हिशेबानं पोत्यात लाखावर दाणे. लाखाचा निकाल दोनशेवरून? लेक म्हणाली, ढीग नीट मिसळलेला असला की पोतं एक असो की दहा, फारसं बिघडत नाही. मोजलेस किती, त्याला महत्त्व. फक्त 200 वर 4 टक्के निघाले तर खरा आकडा साधारण एक ते सातच्या मधे कुठंही असू शकतो. ही फट निम्मी करायची तर 800 मोज. म्हटलं, बाई, तोवर हमाल निघून जाईल.

घरी अख्खं पोतं निवडलं, दोन दिवस लागले. खराब दाणे भरले 1 किलो 700 ग्रॅम. अंदाजापेक्षा कमी, एक कारण म्हणजे सुरकुतलेला दाणा हलका असतो. आम्ही मोजले नग, काट्यानं दाखवलं वजन. तरी भाव करताना दोन किलो घट धरली होती, त्यात माझं नुकसान काहीच नाही.

भाव किलोमागे दोन-तीन रुपये चढा आहे. रिक्षा दारापर्यंत येत नाही. उधारीचं नावच काढू नका. आणि एकदा पोतं शिवून दुकानाबाहेर गेलं की परत घेत नाहीत, म्हणून एक स्टार कापला. मंगळवारी मात्र जाऊ नका, बाजाराच्या गर्दीत ओतायला जागाच नसते. सकाळी दहाच्या आत गेलात तर मालक स्वतः ढीग हलवून देतात. मोजलेले दाणे परत पोत्यात टाकायला गेले तर म्हणाले, "ऱ्हाऊ द्या अक्का, खावा." चांगले 192 आम्ही रिक्षात बसून संपवले.