पोकळ भिंतींच्या घरात अकरा महिने

परवा एसी बसवायला आलेल्या पोरानं भिंतीला ड्रिल लावलं आणि विटेचा टवका हातात घेऊन माझ्याकडे बघत राहिला. "काका, आत काहीच नाही!" अरे बाबा, मी काय वेगळं सांगतोय अकरा महिन्यांपासून?

रावेर-यावलकडे आमच्या मिस्तरीची घरं ज्यांनी पाहिलीत त्यांना माहीत आहे. नववी नापास गडी. केरळात सेंट्रिंगच्या कामाला होता, तिथं लॉरी बेकर या स्वस्त घरं बांधणाऱ्या वास्तुविशारदाची घरं पाहून शिकला. बेकर निदान बर्मिंगहॅमला रीतसर शिकलेला. आमच्या मिस्तरीचा नकाशा तंबाखूच्या पुडीवर. विटा आडव्या न ठेवता कडेवर उभ्या, मध्ये तीन इंच पोकळी. विटा साधारण २५ टक्के कमी लागतात, याच हिशोबावर मी फसलो.

कारण खिळा! पोकळीत तो टिकतच नाही. आबांचा फोटो दोनदा पडला, काच दोनदा बदलली. कॅलेंडर दाराच्या कडीला, टीव्ही शिवणयंत्रावर. लोक घर बघायला येतात, गोल खोलीत फोटो काढतात. खुंटी कुठं आहे हे कुणी विचारत नाही. (गोल खोलीत कपाट कसं लावायचं, तेही नाही.)

विटांमध्ये भोकं ठेवून केलेल्या जाळीच्या भिंतीतून वावटळीची धूळ येते, रोज दोनदा झाडू. पहिल्या पावसात पश्चिमेला ओल आली, ती नंतर गेली.

हे सगळं चिडून लिहायला बसलो होतो. पण एसी चार दिवस खोक्यातच आहे, बाहेर पारा ४५ च्या वर, आणि दुपारी आम्ही नुसत्या पंख्याखाली झोपतोय. शेजारच्या बंगल्यात दोन कुलर सुरू. पोकळीतली हवा ऊन आत येऊ देत नाही. स्लॅबच्या खालच्या भागात काँक्रीटऐवजी कौलं घातलीत. तिथलं काँक्रीट तसाही फारसा भार पेलत नाही, म्हणून सिमेंट वाचलं. वीजबिल पाहून हिनं एसी परत करायला सांगितलं. सुनेच्या माहेरच्यांसाठी घेतला होता, म्हणून मी अजून गप्प आहे.

शेवटी मिस्तरीला बोलावलं. म्हणाला, मधेमधे आडवी वीट आरपार असते, खिळा तिच्यातच मारायचा. मग हे आधी सांगायला काय झालं होतं? रुपयाच्या नाण्यानं भिंत ठोकत फिरला, कोळशानं चार खुणा केल्या, दोनशे घेतले. टीव्हीसाठी पाचवी मागितली, तर "चहा झाल्यावर बघू, भाऊ." चहा झाला, खूण राहिली.